अर्नाळा : वैतरणेच्या मुखावरचे बेट

वैतरणा नदी त्र्यंबकच्या डोंगरात उगम पावते आणि घाट उतरून पालघर जिल्ह्यात अरबी समुद्राला मिळते. तिच्या मुखाचा उत्तरेकडचा काठ दातिवऱ्याचा, दक्षिणेकडचा अर्नाळ्याचा. या दक्षिण काठासमोर, होडीने काही मिनिटांच्या अंतरावर, एक सखल बेट आहे. त्यावर किल्ला आहे, मच्छीमारांची दाट वस्ती आहे, नारळीची झाडे आहेत आणि गोड्या पाण्याच्या विहिरीही आहेत. सरकारदरबारी त्याचे नाव ‘अर्नाळा किल्ला’; समोरच्या मुख्य भूमीवरचे गाव नुसते ‘अर्नाळा’.

बेट म्हटले की मराठी वाचकाच्या डोळ्यांसमोर पॅसिफिक महासागरातली पॉलिनेशियन बेटे येतात : निळे पाणी, प्रवाळाची कडी, माड. अर्नाळ्याचे पाणी निळे नाही. वैतरणेच्या गाळाने ते बाराही महिने मातकट असते. तरीही लहान बेटाचे जगणे कशावर चालते हे समजून घ्यायला अर्नाळा आणि पॉलिनेशिया शेजारी ठेवून पाहण्याचा उपयोग होतो. न्यूझीलंडच्या ताब्यातला टोकेलाऊ हा प्रदेश त्यासाठी सोयीचा आहे. अटाफू, नुकुनोनू आणि फाकाओफो अशी त्याची तीन प्रवाळ कंकणे. तिन्हींची मिळून जमीन सुमारे १२ चौरस किलोमीटर, वस्ती दीड हजाराच्या आसपास, विमानतळ नाही. सामोआच्या आपिया बंदरातून बोटीने तिथे पोचायला एका दिवसाहून अधिक वेळ लागतो. अर्नाळ्याला समोरच्या काठावरून माणूस पाहता पाहता पोचतो. अंतराचा हा फरक सोडला तर बाकी पुष्कळ गोष्टी जुळतात. जिथे जुळत नाहीत, तिथे कारण समुद्रात सापडते.

अर्नाळ्याला जाणारे बहुतेक लोक विरारहून जातात. उत्तरेकडून, माकुणसारच्या बाजूने जाणाराला मात्र या मुखाचा भूगोल आधी समजतो, म्हणून ती वाट अधिक चांगली. सफाळे आणि केळवे यांच्या मध्ये माकुणसार आहे. इथली जमीन सपाट, समुद्रसपाटीच्या जवळ. खाडीचे फाटे आत घुसलेले, त्यांच्या कडेला खाजण आणि मिठागरे, बांध घालून भरतीपासून राखलेली भातशेती, आणि जिथे वाळूचा उंचवटा आहे तिथे केळी, नारळ, पानवेलीच्या वाड्या. खारजमिनीतले शेत टिकते ते बांधावर आणि उघाडीवर. उघाडीचे दार ओहोटीला आतले पावसाचे पाणी बाहेर सोडते आणि भरतीला मिटते. एका उधाणाला बांध फुटला की पुढची काही वर्षे त्या शेताचे मीठ उतरत नाही. म्हणजे माकुणसारच्या माणसालाही बेटकऱ्यासारखेच समुद्राचे वेळापत्रक ठाऊक असावे लागते.

माकुणसारहून दक्षिणेला निघाले की एडवण, मथाणे, कोरे, दातिवरे ही किनारपट्टीची गावे ओळीने लागतात, आणि जवळजवळ प्रत्येक गावात एखादा लहान कोट आहे. काहींच्या आता फक्त पडक्या भिंती उरल्या आहेत. उत्तरेला केळव्याच्या बाजूला भवानगड, दांड्याच्या खाडीच्या तोंडाशी पाणकोट, पूर्वेला सफाळ्याच्या डोंगरावर तांदूळवाडीचा किल्ला. एवढ्याशा पट्ट्यात एवढे कोट कशासाठी, हा प्रश्न कुणालाही पडावा. उत्तर खाड्यांत आहे. रस्ते नव्हते तेव्हा भात, मीठ आणि लाकूड खाडीतूनच बाहेर जाई. ज्याचा कोट खाडीच्या तोंडाशी, त्याची जकात. वैतरणेची खाडी या साऱ्यांत मोठी, म्हणून तिच्या तोंडावरच्या बेटाला इतका भाव आला.

दातिवऱ्याच्या वाळूवर उभे राहून मी हे बेट पाहिले तेव्हा प्रथम नजरेत भरला तो त्याचा सखलपणा. मुरूड-जंजिऱ्यासारखा पाण्यातून सरळ उठलेला तट इथे नाही. झाडांची एक काळसर रेघ दिसते, आणि ती रेघ कुठे संपते व मुख्य भूमी कुठे सुरू होते हे चटकन उमगत नाही.

एवढ्याशा अंतरासाठी अलीकडेपर्यंत मोठा वळसा पडे. रेल्वे १८६४ पासून वैतरणा ओलांडते आहे, आणि डहाणूपर्यंत लोकल १६ एप्रिल २०१३ रोजी सुरू झाली. गाडी घेऊन निघणाराला मात्र महामार्गाने सुमारे ६० किलोमीटर फिरून विरार गाठावे लागे. एप्रिल २०२५ मध्ये विरारजवळचा मारंबळपाडा आणि सफाळ्याकडचे खारवाडेश्री यांच्यामध्ये रो-रो फेरी सुरू झाली. तिने हे अंतर जलमार्गाने दीड किलोमीटरवर आणले. खाडीत यापेक्षाही अडचणीचे एक बेट आहे : वाढीव-वैतीपाडा. वैतरणा आणि सफाळे स्टेशनांच्या मध्ये, दोन रेल्वेपुलांच्या बेचक्यात ते वसलेले आहे. तिथल्या लोकांनी वर्षानुवर्षे रेल्वेच्या पुलावरून, रुळाच्या कडेने पायी ये-जा केली आणि त्यात जीवही गमावले. मुंबईच्या इतक्या जवळ असे गाव असावे ही शरमेची गोष्ट आहे. अर्नाळ्याचे बेट निदान फेरीबोटीवर तरी आहे.

बेटाच्या भूगोलातली खरी गंमत त्याच्या पाण्यात आहे. चहूबाजूंनी खारे पाणी असताना विहिरीचे पाणी गोडे कसे राहते? पावसाचे पाणी वाळूत मुरते. गोडे पाणी खाऱ्यापेक्षा किंचित हलके, म्हणून ते जमिनीखाली खाऱ्या पाण्यावर तरंगत राहते. मध्यभागी जाड आणि कडांना पातळ असा त्याचा थर तयार होतो. आदर्श स्थितीत भूजल समुद्रपातळीच्या जितके वर, त्याच्या सुमारे चाळीस पट खोल हा थर खाली जातो. टोकेलाऊच्या प्रवाळावर आणि वैतरणेच्या वाळूवर नियम एकच. अर्नाळ्याकडे पाऊस भरपूर, वर्षाला दोन हजार मिलिमीटरहून अधिक. पण तो जवळजवळ सगळा चार महिन्यांत कोसळतो, आणि उरलेले आठ महिने त्याच साठ्यावर काढायचे असतात. उपसा वाढला की थर आक्रसतो आणि विहीर मचूळ होते. लाटा किनारा खात गेल्या तरी तेच होते, कारण बेट जितके अरुंद, तितका थर पातळ. किल्ल्यातली अष्टकोनी विहीर बेटाच्या आतल्या भागात, तटाच्या आड आहे. ती जागा निवडणाराला यामागचे शास्त्र माहीत नसेल, पण अनुभव पक्का असला पाहिजे.

भरती-ओहोटीच्या बाबतीत अर्नाळा आणि पॉलिनेशिया यांची दोन टोके आहेत. ताहितीत भरतीचे पाणी जेमतेम हातभर चढते. तिथे चंद्राचा ओढा क्षीण आणि सूर्याचाच प्रभाव अधिक, म्हणून भरती रोज दुपारी बारा आणि रात्री बाराच्या सुमारास येते. घड्याळ लावावे इतकी ती नियमित. अर्नाळ्याला चंद्राचे राज्य. उधाणाला पाणी चार-पाच मीटर चढते-उतरते, अष्टमीच्या आसपास भांगाला त्याहून पुष्कळ कमी. भरतीची वेळ रोज पाऊण तासाने पुढे सरकते. तिथीची पाऊणपट केली की पूर्ण भरतीचा तास निघतो, हा किनाऱ्यावरचा जुना हिशेब आहे : चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा. पौर्णिमा-अमावास्येला भरती बाराच्या सुमारास. कॅलेंडरवरची तिथी इथे उपासापेक्षा होडीसाठी अधिक पाहिली जाते.

याच ओढीवर अर्नाळ्याची मासेमारी उभी आहे. डोल हे इथले मुख्य जाळे. निमुळत्या पिशवीसारखे हे लांबलचक जाळे समुद्राच्या तळात रोवलेल्या खुंटांना बांधतात आणि त्याचे तोंड प्रवाहाकडे ठेवतात. प्रवाह मासळी आत लोटतो. जाळे माशामागे जात नाही, पाणीच मासा आणून घालते. म्हणून उधाणाच्या दिवसांत डोलीला काम आणि भांगाला विसावा. बोंबील, जवळा, करंदी, मांदेली ही डोलीची मासळी. बोंबील वलांडीवर जोडीने टांगून वाळवतात आणि हिवाळ्यात किनाऱ्यावर त्यांच्या रांगाच्या रांगा लागतात. वैती आणि मांगेला हे इथले मच्छीमार समाज. १ जून ते ३१ जुलै ही दोन महिन्यांची मासेमारीबंदी संपली की नारळी पौर्णिमेच्या सुमारास होड्या पुन्हा पाण्यात लोटल्या जातात.

खुंट रोवण्याच्या जागेला कव म्हणतात, आणि कवीवरून या समुद्रात जुने भांडण आहे. वसई-उत्तनकडच्या डोलकरांनी उत्तरेला सरकत कवी मारल्या. सातपाटीकडचे मच्छीमार वाहत्या जाळ्याने पापलेट धरणारे. या खुंटांत त्यांची जाळी अडकून फाटतात. दोघांचीही बाजू खरी आहे. किनाऱ्याजवळची मासळी घटली म्हणून डोलकर दूर गेला, आणि दूर गेल्यावर त्याला दुसऱ्याचे अंगण लागले. शेताला बांध घालता येतो, समुद्राला घालता येत नाही, त्यामुळे हा वाद कागदावर मिटतो आणि पाण्यावर पुन्हा उभा राहतो.

पॅसिफिकशी या किनाऱ्याचे नाते तुलनेपुरतेच नाही. केळव्यापासून अर्नाळ्यापर्यंत किनाऱ्यावर सुरूची बने आहेत. सुरूचे मूळ घर आग्नेय आशिया, उत्तर ऑस्ट्रेलिया आणि पश्चिम पॅसिफिकची बेटे. त्याच्या कठीण लाकडाच्या गदा आणि भाले पॉलिनेशियन योद्धे वापरत. आपल्याकडे ते वारा आणि वाळू अडवायला लावले गेले. कोकणातला निरफणसही तिकडचाच. तो नेण्यासाठी निघालेल्या ‘बाउंटी’ या ब्रिटिश जहाजावर १७८९ मध्ये बंड झाले, ती जगप्रसिद्ध हकिगत या फळाची आहे. नारळाची गोष्ट उलटी. २०११ साली प्रसिद्ध झालेल्या जनुकीय अभ्यासाने नारळाची दोन स्वतंत्र कुळे दाखवली, एक पॅसिफिकचे आणि एक हिंदी महासागराचे. त्यामुळे माकुणसारच्या वाडीतला माड आणि ताहितीचा माड हे सख्खे भाऊ नव्हेत.

होडीचा प्रश्न याहून गुंतागुंतीचा आहे. दक्षिण कोकणात आणि गोव्यात होडीच्या एका बाजूला आडव्या दांड्यांवर बांधलेले लाकूड दिसते. ती उलांडी. पॉलिनेशियन दर्यावर्दींनी अर्धे जग पालथे घातले ते याच युक्तीवर. मद्रास इलाख्याच्या मत्स्यविभागात काम केलेले जेम्स हॉर्नेल यांनी १९२० च्या आपल्या निबंधात हिंदुस्थानच्या होड्यांवर पॉलिनेशियन ठसा असल्याचे मांडले. आज इतके थेट नाते कुणी जोडत नाही. पॉलिनेशियनांचे दूरचे भाषिक भाईबंद, म्हणजे इंडोनेशियाकडचे खलाशी, हिंदी महासागर ओलांडून मादागास्करपर्यंत गेले. त्या वाटेवर उलांडी इकडे आली असावी, हे मत अधिक पटते. अर्नाळ्याच्या आजच्या यांत्रिक होड्यांना उलांडी नसते.

आता इतिहास. किल्ल्याची पहिली बांधणी गुजरातचा सुलतान महमूद बेगडा याने १५१६ मध्ये केली, असे अनेक ठिकाणी छापलेले आढळते. बेगडा १५११ मध्येच वारला होता. तेव्हा साल तरी चुकले आहे किंवा सुलतानाचे नाव तरी. गुजरातच्या सुलतानांच्या अमलात सोळाव्या शतकाच्या आरंभी इथे काही बांधकाम झाले, एवढे धरून चालावे. समोरचे आगाशी त्या काळी जहाजबांधणीचे बंदर होते. १५३० च्या सुमारास पोर्तुगीजांनी आगाशी लुटून जाळली. २३ डिसेंबर १५३४ च्या तहाने सुलतान बहादूरशहाने वसई आणि तिच्या ताब्यातला मुलूख पोर्तुगीजांना दिला, आणि बेटही त्यांच्याकडे आले. ते याला ‘गायींचे बेट’ म्हणत. वसईच्या कप्तानाने ते एका उमरावाला दिले. त्याने सुमारे ७०० फूट लांब-रुंद असा चौरस किल्ला बांधायला काढला, पण तो त्याच्या हातून पुरा झाला नाही. दोन शतके पोर्तुगीजांचा अंमल असूनही बेटावर त्यांची खूण म्हणून ठळक उरला आहे तो किल्ल्यापासून अलग, दक्षिणेला एकटा उभा असलेला गोल टेहळणी बुरूज.

मराठ्यांची उत्तर कोकणातली मोहीम १७३७ च्या वसंतात सुरू झाली. ठाणे आणि साष्टी यांवर चढाई झाली त्याच सुमारास, २८ मार्च १७३७ रोजी, मराठ्यांनी अर्नाळा घेतला. वसई पडायला अजून दोन वर्षे होती. त्याआधीच हे बेट हाती आल्याने वैतरणेचे तोंड मराठ्यांच्या ताब्यात गेले आणि वसईला उत्तरेकडून जलमार्गाने मिळणाऱ्या मदतीवर नजर ठेवता आली. उत्तर दरवाजावर मराठी शिलालेख आहे. पाश्चात्यांचा पाडाव करून समुद्रात त्वरेने जंजिरा बांधावा, अशी बाजीरावांची शंकराजीस आज्ञा, असा त्याचा आशय. हे शंकराजी म्हणजे शंकराजी केशव फडके, पुढे वसईचे सरसुभेदार. आज दिसणारा तट, बुरूज आणि शिल्पांनी सजवलेला दरवाजा ही बहुतांशी याच बांधणीची देणगी.

माकुणसारचा परिसर या युद्धात भरडून निघाला. १७३८ मध्ये केळवे-माहीमच्या बाजूला मराठ्यांना अपयश आले होते. जानेवारी १७३९ मध्ये चिमाजी अप्पा स्वतः उतरले आणि माहीम, केळवे, शिरगाव, तारापूर एकामागून एक पडले. तारापूरच्या हल्ल्यात बाजी भिवराव रेठरेकर कामी आले. मे १७३९ मध्ये वसई शरण आली. चार-पाच महिन्यांत पोर्तुगीजांची दोनशे वर्षांची सत्ता या किनाऱ्यावरून निघून गेली.

पहिल्या इंग्रज-मराठा युद्धात जनरल गॉडार्डने १२ डिसेंबर १७८० रोजी वसई घेतली आणि १८ जानेवारी १७८१ रोजी अर्नाळा. १७ मे १७८२ च्या सालबाईच्या तहाने दोन्ही मराठ्यांना परत मिळाले. १८१७ मध्ये ते कायमचे इंग्रजांकडे गेले. त्यानंतर किल्ल्याला काम उरले नाही. तोफांचा पल्ला वाढला, माल खाडीऐवजी रेल्वेने जाऊ लागला, आणि बेट पुन्हा मच्छीमारांचे झाले. टोकेलाऊच्या वाट्याला कुठलाही तट आला नाही. पण १८६३ मध्ये पेरूच्या गुलामव्यापाऱ्यांनी तिथली जवळजवळ निम्मी माणसे पळवून नेली. पुढे १८८९ मध्ये ब्रिटनने त्याला संरक्षणाखाली घेतले आणि १९४९ पासून तो न्यूझीलंडचा भाग आहे. २००६ आणि २००७ अशा दोन सार्वमतांत स्वशासनाला लागणारी दोन-तृतीयांश मते थोडक्यात हुकली. अर्नाळ्याला कुणी मत विचारले नाही. बेट ज्याच्या हाती, किनारा त्याच्या हाती, एवढाच दोनशे वर्षांचा हिशेब.

आज किल्ल्याच्या आत शेती चालते. त्र्यंबकेश्वर महादेव आणि भवानी यांची मंदिरे, दर्गे आणि नित्यानंद महाराजांच्या पादुका आत आहेत; बाहेर, वस्तीत, कालिकामातेचे मंदिर. बेटाची स्वतंत्र ग्रामपंचायत आहे. २००९ मध्ये वसई-विरार महानगरपालिका झाली तेव्हा हे बेट तिच्या बाहेर राहिले. १ ऑगस्ट २०१४ पासून ते ठाण्याऐवजी पालघर जिल्ह्यात मोडते. पर्यटक किल्ला पाहून तासाभरात परततात. वस्तीतून ते फारसे फिरत नाहीत, आणि मला तरी बेटाचा अधिक जिवंत भाग तोच वाटतो.

बेटाचे आजचे संकट धुपीचे आहे. लाटांनी किनाऱ्यावरची घरे नेली, माड नेले. दगडी बंधारे घातले गेले. बंधारा संपतो त्याच्या टोकाला धूप वाढते, हा सर्वत्रचा अनुभव. कारणे अनेक आहेत. समुद्राची पातळी वाढते आहे. वैतरणा आणि तिच्या उपनद्यांवर तानसा (१८९२), मोडकसागर (१९५७), ऊर्ध्व वैतरणा (१९७३), मध्य वैतरणा (२०१४) अशी धरणे मुंबईची तहान भागवण्यासाठी झाली. जो गाळ-वाळू मुखापर्यंत येऊन किनारा भरून काढत असे, त्यातला वाटा आता धरणांत अडतो. उरलेली वाळू खाडीतल्या रेतीउपशाने जाते. या उपशाचा धोका रेल्वेच्या पुलांनाही पोचला आहे. टोकेलाऊ सर्वत्र समुद्रसपाटीपासून पाच मीटरच्या आतबाहेर, आणि त्याच्या बुडण्याची चर्चा संयुक्त राष्ट्रांत होते. अर्नाळ्याची चर्चा ग्रामसभेत होते आणि पावसाळ्यात एक-दोन दिवस वर्तमानपत्रात. यातला अन्याय मोजायला फार शास्त्र लागत नाही : मुंबईच्या नळाला येणारे पाणी ज्या नदीचे, तिच्या मुखावरचे बेट झिजते आहे, तेव्हा बंधाऱ्याचा खर्च मुंबईने उचलणे रास्त ठरेल.

बेटाचे नाव मात्र दूरवर गेले आहे. भारतीय नौदलात १९७२ पासून १९९९ पर्यंत ‘अर्नाळा’ नावाची युद्धनौका होती. १८ जून २०२५ रोजी विशाखापट्टणम येथे त्याच नावाची नवी नौका दाखल झाली : उथळ पाण्यात पाणबुड्या शोधणाऱ्या सोळा नौकांच्या मालिकेतली पहिली, ७७ मीटरहून अधिक लांब. उथळ पाण्यासाठीच्या नौकेला या बेटाचे नाव देणाराने निवड नेमकी केली.

जाऊ इच्छिणाऱ्यांसाठी : विरार स्टेशनाहून अर्नाळ्याला एसटी आणि रिक्षा मिळतात, अंतर सुमारे १० किलोमीटर. माकुणसार-केळव्याकडून येणाराने सफाळ्याहून रो-रो धरावी. बेटावरची होडी अनेकदा गुडघाभर पाण्यातून गाठावी लागते, ओहोटीला आणखी चालून. पौर्णिमा किंवा अमावास्येच्या एक-दोन दिवस आगेमागे दुपारी पाणी भरलेले असते, तेव्हा होडी काठाजवळ लागते. पावसाळा टाळावा, आणि वलांडीवरचे बोंबील पाहायचे असतील तर डिसेंबर-जानेवारीत जावे.